एकोणीस नंबरचा गडी

१

सामना संपून वीस मिनिटंही झाली नव्हती, आणि केल्सी कॉलेजचा कप्तान कपडे बदलायच्या शेडमध्ये बाकावर मरून पडला होता.

बाहेर गाव वेडं झालं होतं. व्हायचंच! अकरा वर्षांनी फुटबॉलमध्ये रिजमाँट कॉलेजला हरवलं होतं, तेही शेवटच्या मिनिटाला, हंगामाच्या शेवटच्या सामन्यात. त्रेसष्ट वर्षांच्या डॉक्टर एझरा प्रुइटनी सुद्धा आपली हॅट हवेत भिरकावली होती आणि ती कुठं पडली याचा त्यांना पत्ता नव्हता. "डॉक्टर, धावा! लायल उठत नाहीये!" असं कुणीतरी ओरडत आलं, तेव्हा ते बोडक्या डोक्यानंच शेडकडे पळाले.

लायल हेंड्रिक्स. बावीस वर्षांपूर्वी फेब्रुवारीतल्या बर्फात घोडागाडी हाकत जाऊन डॉक्टरांनी याच हातांनी त्याला जगात आणलं होतं. बाप तो पाच वर्षांचा असताना गेला. तेव्हापासून पोरगं शाळा सुटली की डॉक्टरांच्या दवाखान्याच्या पायरीवर येऊन बसायचं, आणि मूलबाळ नसलेल्या डॉक्टरांना त्या पायरीची सवय होऊन गेली होती. तीन आठवड्यांपूर्वी लायलच्या डोक्याला सामन्यात मार बसला. डॉक्टरांनी त्याला समोर बसवून सांगितलं होतं, "या हंगामात पुन्हा मैदानात उतरायचं नाही. एक धक्का आणखी बसला तर मी काही करू शकणार नाही. समजलं का रे गाढवा?" लायल हसून म्हणाला होता, "समजलं."

आता त्याच्या अंगात कप्तानाचा स्वेटर आणि कोरडी पँट होती. केस ओले होते. डाव्या कानशिलावर सूज होती, आणि डाव्या कानातून रक्ताची बारीक रेघ मानेवर आली होती. डॉक्टरांनी नाडी पाहिली. मग पुन्हा पाहिली. मग उगीचच दुसऱ्या हाताची पाहिली.

बाकाच्या पायाशी मिलो होल्को बसला होता. हा संघातला सगळ्यात दांडगा गडी, खाणकामगाराचा मुलगा. शेवटच्या सत्रात त्याचा डावा खांदा निखळला, तेव्हा डॉक्टरांनीच तो बसवून हात छातीशी बांधला होता आणि त्याला शेडमध्ये पाठवलं होतं. त्याच्या उजव्या हाताची बोटं फुटून रक्ताळली होती.

"इथं तुझ्याशिवाय कोण होतं?" शेरीफ डोबिन्सनी विचारलं.

मिलोनं लायलचा लोंबणारा हात उचलून त्याच्या छातीवर ठेवला.

"बुधवारी जेवणघरात चाळीस पोरांसमोर तू याची गचांडी धरलीस. काय म्हणालास? 'शनिवारी मैदानात पाय टाकलास तर तंगडी मोडून हातात देईन.' म्हणाला होतास की नाही?"

"म्हणालो होतो."

"कप्तानपद तुझं एका मतानं गेलं, खरं ना?"

शेरीफनी त्याला दंडाला धरून उठवलं आणि डॉक्टरांकडे वळून ते हळू आवाजात म्हणाले, "एझरा, जिल्ह्याचा मृत्युतपासनीस तू आहेस. सोमवारी सकाळी दहाला कोर्टात चौकशी आहे. मृत्यूचं कारण तू लिहिशील. तू 'मारहाण' लिहिलंस की हा पोरगा खुनाच्या आरोपाखाली वरच्या कोर्टात जाईल. आणि या राज्यात खुनाला काय शिक्षा आहे ते तुला मी सांगायला नको."

बाहेर मिरवणूक सुरू झाली होती. पोरांनी एकोणीस नंबरच्या वेंडेल ऑस्बॉर्नला खांद्यावर उचललं होतं, आणि सगळं मैदान त्याच्या नावानं दुमदुमत होतं. आत काय झालंय हे त्यांना अजून कळलंच नव्हतं.

२

रविवारी सकाळी गाव चर्चमध्ये असताना डॉक्टर आपल्या तपासणीच्या टेबलापाशी उभे होते. टेबलावर कोण आहे हे विसरायचं, असं त्यांनी ठरवलं. पाच मिनिटांत ते त्यांना कितीदा तरी आठवलं.

कानातलं रक्त कापसानं टिपताना त्यात काहीतरी चिकटलेलं दिसलं. त्यांनी ते भिंगाखाली धरलं. लाकडाचा भुसा होता.

आता हा भुसा आला कुठून? शुक्रवारी दिवसभर पाऊस लागला होता. मैदानाची नुसती दलदल झाली होती, म्हणून शनिवारी सकाळी गावकऱ्यांनी लाकडाच्या गिरणीतून तीन गाड्या भुसा आणून पसरला होता. शेडमध्ये फरशी सिमेंटची, तिथं भुशाचा कणही नाही. आणि लायल तर सामन्याच्या पहिल्या अर्ध्यात स्वेटर घालून, बूट चकचकीत करून डॉक्टरांच्या शेजारी बाकावर बसला होता. मधल्या सुट्टीनंतर तो दिसला नव्हता. पोराला बघवत नसेल, असं डॉक्टरांना वाटलं होतं.

ते तसेच निघून कोठडीत गेले. मिलो सिमेंटच्या ओट्यावर बसला होता. डॉक्टरांनी त्याचा उजवा हात मांडीवर घेतला आणि चिमट्यानं जखमा साफ करायला घेतल्या. एक कुसळ निघालं. मग दुसरं. मग पाचवं.

"मिलो, ही पाईनची कुसळं आहेत. शेडची भिंत पाईनच्या फळ्यांची आहे. माणसाला मारलं तर हातात कुसळं जात नाहीत रे."

मिलोनं हात मागे ओढला, पण डॉक्टरांनी तो सोडला नाही.

"भिंत बडवलीस. कशाला?"

"मला विचारू नका, डॉक्टर. मी शब्द दिलाय."

"कुणाला? मेलेल्या माणसाला?"

"म्हणून तर मोडता येत नाही." मिलो म्हणाला. "जिवंत असता तर चार शिव्या घालून मोडला असता."

डॉक्टरांनी पट्टी बांधली. बांधता बांधता त्यांच्या मनात बुधवारचं ते वाक्य घोळत होतं. शनिवारी मैदानात पाय टाकलास तर. अरे, पण लायलला तर खेळायची बंदीच होती! गावातल्या शेंबड्या पोराला सुद्धा ते ठाऊक होतं. जो उतरणारच नाही त्याला 'उतरलास तर' असं कोण म्हणेल? तो उतरणार आहे हे ज्याला कळलंय, आणि ज्याला ते होऊ द्यायचं नाही, तोच.

"तू त्याला धमकी देत नव्हतास," डॉक्टर म्हणाले. "तू त्याला अडवत होतास."

मिलोनं पट्टी बांधलेल्या हातानंच तोंड झाकलं आणि तो हमसून हमसून रडायला लागला. पण बोलला नाही तो नाहीच.

डॉक्टर रस्त्यावर आले. लायल मैदानात उतरला असेल, तर कुणाच्या तरी कपड्यांत उतरला असणार. आणि संघाचे सगळे मळके कपडे एकाच घरी जातात.

३

"आज रविवार आहे, डॉक्टर. मी पाण्याला हात लावत नाही," ग्रेटा लुडविग दारातूनच म्हणाली. सतरा वर्षं ती संघाचे कपडे धूत होती. जर्मन बाई, जिभेला धार, हातांना भेगा.

"धू नको. नुसते दाखव."

तिनं टोपली पुढे ओढली. चिखलानं कडक झालेल्या लोकरीच्या जर्स्या तिनं एकेक करून टेबलावर पसरल्या, आणि कुणी न विचारता प्रत्येकीची कुंडली सांगायला लागली. "ही मिलोची. खांद्याची शिवण उसवली, ती तुम्हीच कात्रीनं कापलीत. ही बेंजामिनची, मेला अजून तंबाखू चघळतो, छातीवर डाग बघा. आणि ही तुमच्या त्या नव्या हिरोची."

एकोणीस नंबरची जर्सी पुढून पूर्ण चिखलानं माखली होती. ग्रेटानं ती हातात घेतली आणि ती थांबली.

"हे काय?"

"काय झालं?"

"मनगटाजवळ बघा. चार बोटं रुंदीची पट्टी. एकदम कोरी. दोन्ही बाह्यांना." तिनं बाही दोनदा आत दुमडली. चिखलाची कड बरोबर दुमडीशी जुळली. "ज्यानं ही घातली होती त्यानं बाह्या दुमडल्या होत्या. आता तुम्हीच सांगा, वेंडेल ऑस्बॉर्न बाह्या कशाला दुमडेल? त्या पोराचे हात गुडघ्यापर्यंत येतात! ऑगस्टमध्ये मी त्याच्या बाह्या दोन इंच वाढवून दिल्यात."

तिनं कॉलर उलटी केली. आतून, डाव्या बाजूला, नाण्याएवढा रक्ताचा डाग होता.

"वेंडेलला कुठं लागलंय का?" डॉक्टरांनी विचारलं.

"काल रात्री चर्चमध्ये लायलसाठी प्रार्थना होती, तिथं बघितला की. ओरखडा सुद्धा नाही."

ग्रेटाच्या टेबलाच्या कडेला खिळ्यानं ओरखडलेल्या खुणा होत्या. दर हंगामाला ती पोरांच्या हाताची लांबी अशी आखून ठेवायची, म्हणजे फाटलेली बाही पुन्हा लावताना माप घ्यायला नको. तिनं दुमडलेली बाही कडेला लावली आणि खुणांवरून बोट फिरवलं. बोट एका खुणेपाशी थांबलं. ती मटकन खुर्चीत बसली.

"लायल," ती म्हणाली. "डॉक्टर, हे माप लायलचं आहे."

"शक्य नाही," डॉक्टर ताडकन म्हणाले. "ग्रेटा, हे शक्य नाही! एकोणीस नंबरला मी स्वतः तपासलाय. मैदानात. या हातांनी."

४

आणि ते खरंच होतं. ती गंमत डॉक्टरांनी कालच्या संध्याकाळी दहा जणांना तरी हसत हसत सांगितली असती, जर लायल गेला नसता.

झालं होतं असं. मिलोचा खांदा गेला, तेव्हा कोच ब्रॅनिगननी हात वर करून एकोणीस नंबरला बदली पाठवलं. चार वर्षं नुसता बाक गरम करणाऱ्या पोराला! त्या काळी कोचला कडेवरून खेळाडूंना काही सांगायची मनाई होती. बदली गड्याच्या तोंडी निरोप जाऊ नयेत म्हणून पंचांचा नियम कडक होता, की नवा आलेला गडी पहिला डाव, म्हणजे चेंडूची एक चाल, पुरा होईपर्यंत तोंडातून ब्र काढणार नाही. काढला तर संघाला दंड.

एकोणीस नंबर आला, पहिल्याच धडकेत आडवा झाला. तेवढ्यात पंचांनी शिट्टी फुंकली. रिजमाँटचा एक जण आधीच रेषा ओलांडून आला होता, त्यामुळे तो डाव रद्द धरला. डॉक्टर पाण्याची बादली आणि स्पंज घेऊन धावले. गडी उठून बसला होता. तोंड चिखलानं भरलेलं, चामड्याची टोपी भुवयांपर्यंत खाली. डॉक्टरांनी त्याच्या मानेवर स्पंज पिळला आणि नेहमीचा प्रश्न विचारला, "आज वार कोणता, पोरा?"

त्या गड्यानं ओठांवर बोट ठेवलं आणि पंचांकडे इशारा केला. डाव रद्द झालाय, पहिला डाव अजून व्हायचाय, मी बोलू शकत नाही!

पंच हसले. डॉक्टरही खो खो हसले. "एवढं भान आहे म्हणजे डोकं शाबूत आहे," असं म्हणून त्यांनी त्याच्या पाठीवर थाप मारली आणि त्याला परत खेळायला लावलं.

हे सगळं डोक्यात घेऊन डॉक्टर वसतिगृहाचे जिने चढले. वेंडेलच्या खोलीत तीन केक होते आणि एकाही केकला सुरी लागलेली नव्हती. पोरगा खिडकीशी उभा होता. लांब हात, उतरलेला चेहरा.

"बस रे," डॉक्टर म्हणाले. "काही नाही, कालची नोंद पुरी करायची आहे. मैदानात तू पडलास तेव्हा मी आलो होतो ना?"

"हो, डॉक्टर."

"काय विचारलं मी?"

वेंडेलनं ओठ ओले केले. "कसं वाटतंय, असं विचारलंत."

"आणि तू काय म्हणालास?"

"म्हणालो, बरं वाटतंय, डॉक्टर. खेळू शकतो."

डॉक्टरांनी चष्मा काढला.

"वेंडेल, एकोणीस नंबरचा गडी माझ्याशी एक अक्षर बोलला नाही. त्याला बोलायची परवानगी नव्हती."

वेंडेल पलंगावर बसला आणि मग सगळं भडाभडा बाहेर पडलं. आठवडाभर लायल मागे लागला होता. शेवटचा सामना आहे, पुन्हा आयुष्यात नाही, दहाच मिनिटं. मधल्या सुट्टीत दोघांनी कपडे बदलले. वेंडेल लायलचा स्वेटर घालून शेडमध्ये लपून बसला. सामना संपल्या संपल्या लायल धावत आला, धापा टाकत, हसत. पुन्हा अदलाबदल केली. लायलनं तोंड धुतलं आणि म्हणाला, जा, बाहेर जा, नाहीतर संशय येईल.

"तेव्हा तो बरा होता, डॉक्टर! आईशपथ बरा होता. मी दारातून बाहेर पाऊल टाकलं आणि पोरांनी मला उचललं. मी ओरडत होतो, खाली उतरवा, खाली उतरवा. त्यांना वाटलं मी लाजतोय."

"आणि नंतर? मिलोला धरून नेलं ते कळल्यावर?"

वेंडेलनं मान खाली घातली. "कप्तानाला शब्द दिला होता," तो म्हणाला. थोड्या वेळानं खालच्या आवाजात म्हणाला, "आणि चार वर्षांत माझं नाव कुणी घेतलं नव्हतं."

कोडं सुटलं होतं. आणि सुटता सुटता त्याचा शेवटचा दोर त्यांच्याच गळ्याशी आला होता. मैदानात चिखलात बसलेला तो पोरगा लायल होता. तो नियम पाळत नव्हता. आवाज ओळखू येईल म्हणून गप्प बसला होता. टोपी एक बोट वर केली असती, डोळ्यांच्या बाहुल्या पाहिल्या असत्या, तरी पुरे होतं. पण डॉक्टर हसले होते. ज्या पोराला त्यांनी बंदी केली, त्याच पोराच्या पाठीवर थाप मारून त्यांनी त्याला पुन्हा मरणाच्या तोंडात पाठवलं होतं.

५

कोच ब्रॅनिगन मैदानाच्या कडेला एकटेच उभे होते. डॉक्टरांनी सांगितलं ते सगळं त्यांनी मधे न बोलता ऐकलं.

"तुला माहीत होतं?" डॉक्टरांनी विचारलं.

"मी त्याच्याकडे नीट पाहिलं नाही, एझरा." कोचचा चेहरा राखेसारखा झाला होता. "पाहिलं असतं तर कळलं असतं. म्हणूनच पाहिलं नाही."

कोचनी बुटानं भुशाचा एक ढीग सारखा केला. मग कोच म्हणाले, "हे बघ. ओल्या सिमेंटवर पाय घसरला, डोकं बाकाच्या कडेवर आपटलं. एवढंच लिही. मिलो सुटेल. जिंकलेला सामना जिंकलेला राहील. तुझा परवाना शाबूत राहील, माझी नोकरी. मेलेलं पोरगं काही परत येत नाही."

"आणि मिलो?"

"सांगितलं ना, सुटेल."

"सुटेल रे! पण कॉलेजनं आपला गडी वाचवला असंच गाव म्हणत राहील. पोरगं म्हातारं होईल तरी लोक त्याच्या हाताकडे बघतील."

कोचनी खांदे पाडले. डॉक्टर तिथून निघाले ते थेट हेंड्रिक्सच्या घराकडे. इतकी वर्षं त्या घराची पायरी चढताना त्यांना कधी धाप लागली नव्हती.

एडिथ हेंड्रिक्स पियानोच्या स्टुलावर बसली होती, पियानोकडे पाठ करून. गावातल्या अर्ध्या पोरींना तिनं पियानो शिकवला होता. डॉक्टरांनी हॅट काढायला हात वर नेला, तेव्हा हॅट नाहीच हे त्यांच्या लक्षात आलं.

त्यांनी उभ्याउभ्याच सांगितलं. काही लपवलं नाही. भुसा, कुसळं, बाह्या. मग स्पंज, बोट, हसणं, थाप. शेवटी म्हणाले, "मी त्याला ओळखलं नाही, एडिथ. हातभर अंतरावर होतो आणि मी त्याला ओळखलं नाही."

एडिथ खाली बघत होती. ती म्हणाली, "मी ओळखलं."

डॉक्टरांना वाटलं आपण चुकीचं ऐकलं.

"मी वरच्या रांगेत होते. तो आला आणि तीन पावलं धावला, आणि मला कळलं. डावा पाय जरा बाहेर टाकतो तो. चालायला लागला तेव्हापासून." तिनं बाहीचं टोक मुठीत आवळलं. "ओरडायला पाहिजे होतं. मैदानात धावत जायला पाहिजे होतं. उठले सुद्धा, डॉक्टर. आणि उभी राहून टाळ्या वाजवल्या. तीन आठवडे घरात भुतासारखा फिरत होता हो तो. मला वाटलं, धावू दे. एवढं एकदाच धावू दे."

डॉक्टर तिच्या शेजारी खुर्चीत कोसळले. दोघंही रडली, पण एकमेकांकडे न बघता.

"तुम्हाला माफ केलं असं मी म्हणणार नाही," एडिथ शेवटी म्हणाली. "मला स्वतःलाच करता येत नाहीये, तर तुम्हाला कुठून करू? पण उद्या सगळं सांगा. ते होल्कोंचं पोर उगाच आत बसलंय. मी येते तुमच्याबरोबर."

६

सोमवारी दहा वाजता कोर्टात बसायला जागा नव्हती. मिलोचे आईवडील मधल्या रांगेत एकमेकांचा हात धरून बसले होते. त्यांना इंग्रजी धड कळत नव्हतं, म्हणून ती दोघं नुसते चेहरे वाचत होती.

डॉक्टर प्रुइट उभे राहिले. हातात कागद होता, पण त्यांनी तो वाचला नाही.

"मृत्यूचं कारण, सामन्यात डोक्याला बसलेला मार," ते म्हणाले. "शनिवारी एकोणीस नंबरची जर्सी घालून जो खेळला तो लायल हेंड्रिक्स होता." कोर्टात गलका झाला, तो थांबेपर्यंत ते थांबले. मग त्यांनी पुरावे एकेक करून मांडले. "मिलो होल्कोनं त्याला हात लावला नाही. उलट संघात त्याला अडवणारा हा एकटाच होता. आणि एक गोष्ट लिहून घ्या. खेळ चालू असताना मी त्या मुलाला तपासलं. नीट न पाहता, हसत, खेळायला लायक ठरवलं. जबाबदार माणूस शोधायचा असेल तर तो मी आहे. माझा परवाना मी आज सकाळीच पोस्टानं परत पाठवलाय."

शेरीफ डोबिन्सनी जागेवरून उठून स्वतः मिलोची बेडी काढली. "माफ कर, पोरा," ते म्हणाले. मिलोच्या आईनं तोंडाला रुमाल लावला.

तेव्हा एडिथ उठली. ती सरळ मिलोपाशी जाऊन उभी राहिली. तिच्यापेक्षा हातभर उंच असलेला तो पोरगा तिच्याकडे बघेना.

"मिलो, शब्द लायलला दिला होतास ना? त्याच्या वतीनं मी तुला मोकळं करते. शेवटी तू त्याच्याजवळ होतास. मला सांग."

मिलो म्हणाला, "मी शेडमध्ये गेलो तर वेंडेल त्याचा स्वेटर घालून बसलेला. तेव्हा मला कळलं. मी दारापर्यंत धावलो, पंचांना ओरडून सांगणार होतो. पण तो चेंडू घेऊन सुटला होता, बाई. चाळीस यार्ड. कुणाच्या हाती लागेना. मी बघतच राहिलो."

"मग?"

"आला तेव्हा हसत होता. मला म्हणाला, शपथ घे, कुणाला सांगायचं नाही, नाहीतर सामना रद्द होईल. मी घेतली. वेंडेल गेल्यावर हा बाकावर बसला. म्हणाला, डोकं दुखतंय. आडवा झाला. मग..."

"सांग, बाळ."

"मग तो सगळं विसरायला लागला. मला म्हणाला, मिलो, सामना सुरू झाला का? मी म्हणालो, संपला, आपण जिंकलो. तो म्हणाला, खरंच? मी बाकावर बसून झोपलो की काय? मी म्हणालो, अरे, तूच जिंकून दिलास! तर हसला. म्हणाला, चेष्टा करू नको, मला बंदी आहे."

मिलोनं पट्टी बांधलेला उजवा हात वर धरला.

"मी त्याचं डोकं मांडीवर घेतलं होतं. दुसरा हात बांधलेला. सोडून जाता येईना म्हणून भिंत बडवत होतो. पण बाहेर एवढा आरडाओरडा, कुणाला ऐकू जाईल! सगळे 'ऑस्बॉर्न, ऑस्बॉर्न' ओरडत होते. तो कान देऊन ऐकत होता. मला विचारलं, वेंडेलचं नाव का घेतायत? काय केलं रे त्यानं?"

"तू काय सांगितलंस?" एडिथनं विचारलं.

"काय सांगणार! म्हणालो, त्यानं शेवटच्या मिनिटाला चाळीस यार्ड धावून सामना जिंकला. लायलला इतका आनंद झाला, बाई. म्हणाला, चार वर्षं बिचारा बसून होता. त्याला सांग, मला बघायला मिळालं नाही, पण मी फार खूश आहे. नक्की सांग हं. त्यानंतर तो बोलला नाही."

वेंडेल ऑस्बॉर्न शेवटच्या रांगेत भिंतीला टेकून उभा होता. हा निरोप त्याला दोन दिवस उशिरा मिळाला.